बेगमीचं शहर

हेलसिंकीला खायला म्हणून कुणी जात नाही. २००५ साली फ्रान्सचे अध्यक्ष जाक शिराक इंग्रजांच्या जेवणाची टिंगल करत होते; त्याहून वाईट फक्त फिनलंडमध्ये मिळतं, असंही ते ओघात बोलून गेले. त्याच वर्षी इटलीच्या बेर्लुस्कोनींनी फिनलंडच्या दौऱ्यात जेवणापायी आपल्याला काय सोसावं लागलं, याचा पाढा वाचला. फिन लोकांनी वाद घातला नाही. तिथल्या एका पिझ्झा साखळीनं धुरी दिलेलं रेनडिअरचं मांस घालून एक पिझ्झा काढला, त्याचं नाव ‘बेर्लुस्कोनी’ ठेवलं आणि २००८ मध्ये न्यूयॉर्कच्या स्पर्धेतून पहिला नंबर घेऊन आले.

हा किस्सा आमच्या वाटाड्या बाईंनी बंदरावर भेटताक्षणीच ऐकवला. ऐकवताना चेहऱ्यावरची एक रेषही हलली नाही. मग म्हणाल्या, “चला, आता सोसायला सुरुवात करू.”

ताईची मुलगी एस्पोला नोकरी करते. एस्पो म्हणजे हेलसिंकीला लागूनच असलेलं नोकियाचं गाव. संगणकाच्या नोकऱ्यांमुळे मराठी घरं आता तिथं नवलाची राहिलेली नाहीत. आम्ही भावंडं तिच्याकडे गेलो होतो आणि ही फेरी तिनंच ठरवून दिली. चार अनोळखी माणसांच्या घोळक्यात न जाता फक्त आमच्यासाठी माणूस ठरवण्याचं कारण ताईचं खाणं. ताई मूळची मालवणकडची, माझ्याइतकीच मासेखाऊ. लग्न होऊन शाकाहारी घरात गेली आणि मासे सोडले ते सोडलेच. अंडं चालतं, पण ते दिसता कामा नये. घोळक्यातल्या खाद्यफेरीत अशा माणसाच्या वाट्याला काकडीचे काप आणि सगळ्यांची सहानुभूती येते. स्वतंत्र फेरी महाग पडते. तिथं माणसाच्या वेळेला मोल आहे. पण मध्येच थांबता येतं, भलतं काही विचारता येतं, आणि दुसऱ्यांचा खोळंबा होतोय असं वाटत नाही.

वाटाड्या बाई साठी ओलांडलेल्या. शाळेत गृहविज्ञान शिकवून निवृत्त झालेल्या. हा विषय तिथं सातवीला मुलगे-मुली सगळ्यांनाच सक्तीचा असतो. शिक्षिका म्हटल्यावर ताईनं त्यांना ‘बाई’ म्हणायला सुरुवात केली. फिनलंडमध्ये विद्यार्थीदेखील शिक्षकांना थेट नावानं हाक मारतात, त्यामुळे हा मान त्यांना जरा जड गेला असावा. पण थोड्या वेळानं त्या ‘बाई’ला ओ देऊ लागल्या.

बंदरावरचा बाजार म्हणजे कौप्पातोरी. नारिंगी कनातींचे ठेले, मागे पाणी, पाण्यावर किल्ल्याच्या बेटाकडे जाणाऱ्या फेरीबोटी आणि डोक्यावर टपून बसलेले समुद्रपक्षी. हे पक्षी हातातला घास उचलतात. तशा पाट्याही लावल्या आहेत, पण पाटी वाचत असतानाच एका जर्मन पर्यटकाच्या हातातला मासा गेला. सप्टेंबर नुकताच लागला होता. ऊन होतं, आणि त्या उन्हात लोक ज्या घाईनं बसले होते त्यावरून ते फार दिवस राहणार नाही हे कळत होतं.

बाईंनी पहिली खरेदी केली ती वाटाण्याच्या शेंगांची, हंगामातल्या शेवटच्या. तराजू नाही. पत्र्याचं लिटरचं माप भरायचं आणि कागदी पिशवीत ओतायचं. वाटाणे, ब्लूबेरी, छोटे बटाटे, सगळं लिटरवर. लोक शेंगा सोलत, कच्चे वाटाणे तोंडात टाकत रस्त्यानं चालले होते, त्यांत टाय लावलेले कारकूनही होते. हा तिथला उन्हाळ्याचा खाऊ. शिजवायचा विचारच नाही. ताईनं दोन शेंगा खाल्ल्या आणि म्हणाली, “अरे, ह्यांना फोडणीची गरजच नाही.” तिच्याकडून एवढं प्रशस्तिपत्र म्हणजे फार झालं.

शेजारच्या ठेल्यावर रानफळं होती. निळी-काळी ब्लूबेरी, आणि एका छोट्या डब्यात मधाच्या रंगाची क्लाउडबेरी. ही दलदलीत उगवते, एका देठाला एकच फळ, आणि लागवडीला सहसा दाद देत नाही. डासांच्या ढगात वाकून एकेक वेचावी लागते, म्हणून भाव चढा. बाईंनी पर्समधून दोन युरोचं नाणं काढून मागची बाजू दाखवली: तिथं तेच फळ. एखाद्या देशाला नाण्यावर राजा, किल्ला किंवा गरुड घालावासा वाटतो. ह्यांना दलदलीतलं फळ घालावंसं वाटलं.

फिनलंडमध्ये रान कुणाच्याही मालकीचं असो, त्यातली फळं आणि अळंबी कुणालाही वेचता येतात. मालकाला विचारावं लागत नाही. घराच्या अंगणात शिरायचं नाही आणि झाड तोडायचं नाही, एवढीच पथ्यं. वेचून विकलेल्या रानफळांवर आयकरही नाही. मला हे रामराज्य वाटलं. बाईंनीच त्यावर पाणी ओतलं. दुकानांत जाणारा आणि निर्यात होणारा बराच माल आता थायलंडहून हंगामापुरते आणलेले मजूर वेचतात, आणि त्यांच्या पिळवणुकीची प्रकरणं अलीकडे तिथल्या कोर्टांत बरीच गाजली आहेत. “हक्क सगळ्यांचा आहे,” त्या म्हणाल्या, “कंबर मात्र आता आमची दुखत नाही.”

धक्क्यालगतच जुना मंडईवाडा आहे, व्हान्हा कौप्पाहाल्ली. १८८९ सालचा, गुस्ताफ न्यूस्त्रोम ह्या वास्तुरचनाकारानं बांधलेला, विटांच्या लाल-पिवळ्या पट्ट्यांचा. उघड्यावरचे मांस-मासे आरोग्याच्या दृष्टीनं बरे नव्हेत, ते छपराखाली यावेत, म्हणून तो उभारला. आत अरुंद बोळ आणि दोन्हीकडे गडद लाकडाची, कपाटासारखी छोटी दुकानं. मासळीवालीसमोर ताई थांबली. ती मासे खात नाही, पण मासळीसमोर तिला राहवत नाही. सामनचे गुलाबी थर, धुरी दिलेले अख्खे मासे, आणि एका बाजूला बोटभर लांबीचे चंदेरी मुइक्कू. तिनं कल्ले बघितले, डोळे बघितले आणि मान डोलावली. मी विचारलं, सामन इथलाच का? बाई म्हणाल्या, तो बहुतेक नॉर्वेच्या मत्स्यशेतीतला. पर्यटकांना ‘फिनिश’ म्हणून जे सामनचं सूप वाढलं जातं त्यात कांदापात, बटाटा, साय आणि शेपू हे फिनलंडचं असतं, मासा पाहुणा. मुइक्कू मात्र इथल्या सरोवरांतला. राय पिठात घोळवून लोण्यात तळायचा आणि काट्यासकट खायचा. मी खाल्ला. कुरकुरीत, गोडसर, मिठाला बेताचा.

त्या दुकानाच्या कपाटांवरून नजर फिरवताना लक्षात आलं की ताजं असं फार थोडं होतं. धुरी दिलेलं, खारवलेलं, सिरक्यात मुरवलेलं, वाळवलेलं, डब्यात बंद केलेलं. हेरिंग मासाच दहा प्रकारांनी मुरवलेला: मोहरीत, कांद्यात, साखरपाण्यात. १७४३ पासून दर ऑक्टोबरात ह्याच धक्क्यावर हेरिंगची जत्रा भरते. बेटांवरचे कोळी होड्या लावून होडीतूनच खारवलेला मासा विकतात, शहरवाले हिवाळ्यापुरता भरून नेतात. आता फ्रीज आहेत, दुकानं रात्रीपर्यंत उघडी असतात, तरी जत्रा भरतेच. डिसेंबरात इथला दिवस सहा तासांचाही नसतो. अशा जागी स्वयंपाक ही दुय्यम कला. पहिली कला साठवणीची. मे महिन्यात आमच्याकडे पावसाळ्याची बेगमी व्हायची तेव्हा घरातल्या बायकांच्या चेहऱ्यावर जो करारीपणा यायचा, तो ह्या अख्ख्या शहराच्या जेवणात आहे. शिराकसाहेबांना चव सापडली नाही ती बहुधा म्हणून. ते फळ शोधत होते, आणि हे लोक बी जपत आले होते.

एका दुकानात अस्वलाच्या मांसाचे डबे रचून ठेवले होते. किंमत पाहून मी फोटोवर भागवलं. बाई तिथं थांबल्याच नाहीत.

ताईसाठी त्यांनी लेइपायूस्तो आणलं. चपटं, थाळीच्या आकाराचं चीज, वरून विस्तवावर भाजून तपकिरी डाग पाडलेलं, दातांत करकर वाजणारं. पूर्वी ते नुकत्याच व्यालेल्या गाईच्या चिकापासून करत. आता साध्या दुधाचं मिळतं. वर क्लाउडबेरीचा मुरंबा. उत्तरेकडे त्याचे तुकडे कपात टाकून वरून गरम कॉफी ओततात आणि शेवटी चमच्यानं खातात. ताईनं चिकाचं नाव ऐकताच बाईंना पहिल्या दिवसाचा चीक आणि तिसऱ्या दिवसाचा चीक यांवर प्रश्न विचारायला सुरुवात केली. दोघींचं इंग्रजी बेताचं, विषय गाईचा, आणि मला मध्ये पडायची गरज पडली नाही.

कॉफी प्यायची ती क्लूवीकातू ह्या रस्त्यावर, कार्ल फात्सेरनं १८९१ मध्ये उघडलेल्या कॅफेत. फिनलंडचं दरडोई कॉफी पिणं वर्षाला दहा किलोच्या आसपास जातं आणि जगात पहिल्या रांगेत असतं. कामगार करारांत कॉफीची सुट्टी लिहिलेली असते. ती मालकाची मेहेरबानी नसते. दाणे फार हलके भाजतात, त्यामुळे कॉफी पातळ, आंबटसर. इटालियन माणूस तोंड वाकडं करेल. मला ती आवडली, कारण दिवसभर पिता येते.

बरोबर कोर्वापूस्ती, म्हणजे दालचिनी भरून गुंडाळलेला पाव. ताईनं पहिला तुकडा तोंडात टाकला आणि कपाळाला आठी घातली. “दालचिनी वरून आहे. आत वेलदोडा आहे. आणि तो कुटलाय, दळलेला नाही.” बाईंना हे ऐकून खरा आनंद झाला. फिनलंडच्या गोड पावाच्या कणकेत वेलदोडा लागतोच, आणि तो भरड हवा, दाताखाली यायला हवा. सह्याद्रीच्या दक्षिण टोकाच्या ओल्या जंगलांतलं हे पीक, आता जगाच्या बाजारात बरंचसं ग्वाटेमालाहून येतं, आणि एवढ्या मनापासून ते वापरणारे लोक राहतात ते बर्फात.

पण त्या टेबलावर मला जास्त लक्षात राहिलं ते दुसरंच. महायुद्धात कॉफी बंद झाली तेव्हा लोक जव, राय, चिकोरी, डँडेलियनची मुळं, जे सापडेल ते भाजून उकळायचे. १९४६ मध्ये कॉफीचं पहिलं जहाज तुर्कूच्या बंदराला लागलं, ते लोकांना अजून नावानिशी आठवतं: हेराक्लेस. तरीही शिधापत्रिकेवरची कॉफी सुटली ती १९५४ मध्येच. मधल्या काळात हा देश सोव्हिएत युनियनला युद्धखंडणी फेडत होता, आणि ती फेडून संपली त्याच वर्षी, १९५२ मध्ये, हेलसिंकीत ऑलिंपिकही भरवलं. पाहुण्यांची गर्दी झाली तर बारवाल्यांचा वेळ जाऊ नये म्हणून जिन आणि ग्रेपफ्रूटचं पेय आधीच मिसळून बाटल्यांत भरून ठेवलं. ते ‘लोंकेरो’ आजही दुकानात मिळतं. बेगमीची बुद्धी दारूतही चालते. बाईंनी आकड्यांची एक गंमतही सांगितली. १९१९ पासूनची दारूबंदी उठली आणि सरकारी दुकानं उघडली ती ५ एप्रिल १९३२ ला सकाळी दहा वाजता: पाच, चार, तीन, दोन, एक, शून्य. बंदीच्या काळात उपाहारगृहांत चहाच्या कपातून कडक चहा मिळायचा. ‘कडक’ कशानं, ते विचारायचं नसतं.

निघताना काउंटरवर त्यांनी काळ्या गोळ्यांचं एक पाकीट घेतलं आणि आमच्या हातावर एकेक ठेवली. साल्मियाक्की. आधी ज्येष्ठमधाचा गोडवा लागला, मग जिभेला काहीतरी झोंबलं, नाकात चढलं, आणि मी थेट आमच्या आळीतल्या कल्हईवाल्यासमोर जाऊन उभा राहिलो. तापलेल्या पातेल्यात तो चिमूटभर पांढरी पूड टाकायचा आणि ढगासारखा धूर उठायचा, तोच वास. नवसागर. अमोनियम क्लोराइड. महाराष्ट्रात हा पदार्थ पोलिसांच्या पंचनाम्यांतही असतो, हातभट्टीच्या रसायनात गुळाच्या जोडीनं. इथं तो शाळकरी पोरं चघळतात. खोकल्याच्या औषधांतून तो खाऊत आला म्हणे. ताईनं गोळी कागदी रुमालात गुंडाळली. मी चघळून संपवली आणि दुसरी मागितली, हे मात्र नमूद करायला हवं.

सेनेटचा चौक, कार्ल लुडविग एंगेलनं आखलेला, पांढऱ्या पायऱ्यांचं कॅथेड्रल, मधोमध रशियाच्या झारचा, दुसऱ्या अलेक्झांडरचा पुतळा. त्याचं वर्णन मार्गदर्शक पुस्तकात मिळेल. आम्ही तिथून सरळ फिनलंड बँकेसमोरच्या पुतळ्यापाशी गेलो. हा योहान विल्हेल्म स्नेलमन: तत्त्वज्ञ, फिनिश भाषेला सरकारदरबारी जागा मिळवून देणारा, देशाच्या चलनाचा शिल्पकार. चौथऱ्याच्या दगडाला १९४४ च्या बॉम्बहल्ल्याचे टवके तसेच ठेवले आहेत. बाईंनी समोरच्या कठड्यावर रुमाल पसरला, पिशवीतून राय पाव काढला, लोणी काढलं आणि सुरीनं पातळ काप केले. हॉटेल न निवडता हीच जागा का, ते पाव खाताना कळलं.

राय हे थंडीला न जुमानणारं धान्य. शरद लागायच्या आत पेरायचं. रोप बर्फाखाली निजतं आणि वसंतात उठतं. पश्चिम फिनलंडमध्ये वर्षातून दोनदाच भट्टी लावायचे. मध्ये भोक पाडलेले पाव दांडीत ओवून छताखाली टांगायचे आणि सहा सहा महिने कडक झालेले तुकडे खायचे. पूर्वेकडे भट्टी आठवड्याला पेटायची, तिथला पाव जाड आणि मऊ. आंबवण कणकेच्या लाकडी बुधल्यातच राहायचं. बुधला धुवायचा नाही. २०१७ मध्ये स्वातंत्र्याला शंभर वर्षं झाली तेव्हा लोकांनी राष्ट्रीय पदार्थ म्हणून ह्या पावालाच मतं दिली. चव आंबट, काळी, चिवट. पहिल्या घासाला मला तो शिक्षा वाटला आणि चौथ्याला त्याची सवय लागली.

मग त्यांनी एक छोटी पुडी उघडली. आत करड्या रंगाच्या कुरकुरीत पापुद्र्यांसारखे तुकडे होते. पाइनच्या सालीखालचा आतला पापुद्रा सोलून, वाळवून, दळून पिठात मिसळलेला. पेट्टू. १८६७ मध्ये वसंत आलाच नाही. सरोवरांवरचा बर्फ जूनपर्यंत टिकला, आणि सप्टेंबरात, पीक कापणीला येता येता, कडाका पडला. १८६६ ते ६८ ह्या काळात देशातली सुमारे आठ टक्के माणसं गेली, भुकेनं आणि भुकेमागून आलेल्या तापानं. सेनेटची तिजोरी तेव्हा ह्या पुतळ्यातल्या माणसाच्या हातात होती. चलनाची पत जपायची म्हणून कर्ज काढायला त्यानं वेळ लावला. रोथशिल्डांकडून कर्ज घेऊन धान्य मागवलं तेव्हा बंदरं गोठायला आली होती. भुकेल्यांना फुकट द्यायचं नाही, काम करून घेऊन द्यायचं, हे धोरण. त्यातून सेंट पीटर्सबर्गकडचा लोहमार्ग तयार झाला आणि त्यावर काम करणारे मेले.

दुष्काळी कामावर खडी फोडणारी माणसं महाराष्ट्राच्या वाचकाला नवी नाहीत. दख्खनचा मोठा दुष्काळ ह्यानंतर दहाच वर्षांनी आला, आणि ओडिशाचा तर नेमका १८६६ चा. पैशाचं तेच शहाणपण तेव्हा सगळीकडे चाललं होतं. मी बाईंना विचारलं, “ह्याच्याबद्दल लोकांना काय वाटतं?” त्या म्हणाल्या, “शाळेत आम्ही त्याला थोर म्हणून शिकवतो. तो होताच. आणि मी मुलांना साल खायला घालते.” आताशा पेट्टूचं पीठ आरोग्याच्या नावाखाली चांगल्या भावानं विकलं जातं, हेही त्यांनीच सांगितलं. मी एक तुकडा खाल्ला. भुसा, आणि मागे किंचित राळ. ताईनं पूर्ण खाल्ला. टाकायचा नसतो, म्हणाली.

मग आला पित्कासिल्ता, म्हणजे लांब पूल. नावाइतका तो लांब नाही. पण अलीकडे साहेबलोकांची वस्ती आणि पलीकडे कामगारांची, अशी त्याची ख्याती होती. पलीकडच्या काठावर ग्रॅनाइटमध्ये बांधलेलं कामगार भवन आहे, १९०८ चं. १९१८ च्या जानेवारीत त्याच्या मनोऱ्यात लाल कंदील लावला गेला आणि यादवी सुरू झाली. आज तिथं परिषदा भरतात.

पुलापलीकडची हाकानिएमीची मंडई १९१४ ची. बराच काळ दुरुस्तीसाठी बंद राहून २०२३ मध्ये पुन्हा उघडली. बंदरावरच्या मंडईत पर्यटक जास्त. इथं पिशव्या घेऊन आलेल्या आज्या जास्त. खाली खाण्याचं, वर कापड आणि हस्तकला. इथं बाईंचा आवाज बदलला. ओळखीच्या दुकानी गेल्या, दोन शब्द बोलल्या, आणि तीन कार्यालान्पीराक्का घेऊन आल्या. राय पिठाची कागदासारखी पातळ लाटी, त्यावर दुधात शिजवलेला भात, आणि कडा आत वळवून बोटांनी पाडलेल्या चुण्या. आकार पानासारखा, तळहातात मावेल असा. गरम असताना वरून उकडलेलं अंडं कुस्करून घातलेलं लोणी. ताईसाठी नुसतं लोणी. बाईंनी न सांगता तसं आणलं होतं.

ही करंजी, म्हणजे करंजीही नव्हे, उघडीच, मूळची कारेलियातली. पूर्वेकडचा प्रांत. पूर्वी आत जव असायचे, कधी बटाटा. तांदूळ विकत घ्यावा लागायचा, तो नंतर रुळला. महायुद्धात कारेलियाचा मोठा भाग सोव्हिएत युनियनकडे गेला आणि चार लाखांहून जास्त माणसं गाशा गुंडाळून पश्चिमेकडे आली. दर नऊ माणसांत एक निर्वासित, असं समजा. छावण्या कायमच्या राहू दिल्या नाहीत. १९४५ च्या कायद्यानं जमिनी काढून दिल्या आणि देशभर विखरून वसवलं. बाईंची आजी त्यांतली. गाई हाकत पायी आलेली. नव्या गावात तिला रशियन म्हणून हिणवायचे, कारण ती ऑर्थोडॉक्स चर्चला जायची आणि तिचं बोलणं वेगळं होतं. “शेजारणी तिच्याशी बोलत नव्हत्या,” बाई म्हणाल्या, “पण रविवारी भट्टीचा वास गेला की त्यांची मुलं यायची.”

आज हा पदार्थ देशातल्या प्रत्येक दुकानात, पेट्रोलपंपावर, शाळेच्या समारंभात असतो. युरोपीय संघानं २००३ मध्ये त्याच्या पारंपरिक कृतीला संरक्षण दिलं. राय पिठाची पातळ लाटी नसेल तर ‘कारेलियाचा’ असं नाव लावता येत नाही, नुसतं भाताचं पीराक्का म्हणावं लागतं. गाव परत मिळालं नाही. नावाची मात्र कायद्यानं राखण होते. चव सांगायची तर मवाळ: दूध, भात, मीठ, आणि कडेला रायचा कडवट चुरचुरीतपणा. दिवसभरात ताईनं दुसऱ्यांदा मागून घेतलेली ही एकच गोष्ट.

बरोबर पीमा, म्हणजे आंबवलेलं ताक, ग्लासभर. मोठी माणसं जेवताना दूध पितात असा हा देश. हिवाळ्यात गाईला ओला चारा कुठून आणायचा ह्या प्रश्नावर काम करून आर्त्तुरी विर्तानेन ह्यांनी चारा आम्लात टिकवण्याची पद्धत काढली आणि १९४५ चं रसायनशास्त्राचं नोबेल मिळवलं. साठवणीला मिळालेलं नोबेल म्हणायला हरकत नाही. पुढे त्याच दुधालोण्यानं घात केला. साठच्या दशकाअखेर हृदयविकारानं मरणाऱ्या पुरुषांचं प्रमाण जगात सर्वांत जास्त इथं होतं, त्यातही उत्तर कारेलियात. १९७२ पासून पेक्का पुस्का ह्या तरुण डॉक्टरनं तिथं गावोगाव मोहीम चालवली, लोणी कमी, मीठ कमी, भाज्या आणि रानफळं जास्त. काही दशकांत कामकरी वयातले हे मृत्यू ऐंशी टक्क्यांहून अधिक घटले. बाई हे सांगत होत्या आणि हातानं पीराक्कावर लोणी फासत होत्या. सगळ्या मुलांना शाळेत फुकट जेवण द्यायचं, हा कायदाही १९४३ चा, ऐन युद्धातला. १९४८ पासून तो पूर्ण अमलात आला. देशात खायला नसतानाच हे सुचलं, ह्याचं त्यांना काही विशेष वाटत नव्हतं. “नसतानाच सुचणार,” म्हणाल्या.

मंडईपासून जवळच, मेरिहाकाच्या बाजूला, जमिनीखाली एक जागा आहे. वर साधं दार. खाली खडक पोखरून केलेलं दालन, त्यात पोरं हॉकी खेळतात. हल्ला झाला तर सहा हजार माणसं मावतील असं ते आश्रयस्थान आहे. देशाच्या कोठारांत महिनोन्‌महिने पुरेल एवढं धान्य सरकार राखून ठेवतं, आणि प्रत्येक घरानं निदान तीन दिवसांचं अन्नपाणी बाजूला ठेवावं अशी शिकवण आहे. आम्ही वरूनच पाहिलं. ताईनं विचारलं, “बाई, तुमच्या घरी काय काय आहे?” त्यांनी बोटांवर मोजून सांगितलं: पाणी, कडक राय पाव, वाटाण्याच्या सुपाचे डबे, ओट, कॉफी, काड्यापेट्या, बॅटरीचा रेडिओ, आयोडीनच्या गोळ्या. ताईनं यादी नीट ऐकून घेतली. “लोणचं?”

बाईंना लोणचं म्हणजे काकडीचं वाटलं. तेवढ्यावर दोघी मंडईसमोरच्या उघड्या बाजारात शिरल्या. तिथं हंगामातली पहिली लिंगनबेरी आली होती: लाल, टणक, मण्यांसारखी आणि दात आंबवणारी. ह्या फळात बेंझोइक आम्ल मुळातच असतं, म्हणून ते नासत नाही; पूर्वी नुसतं ठेचून बुधल्यात भरून ठेवायचे, साखर नसली तरी हिवाळाभर टिकायचं. ताईनं एक चावून पाहिलं, डोळे मिटले, आणि विक्रेत्याला विचारलं की पाच लिटर घेतले तर भाव काय. त्या बाजारात घासाघीस करत नाहीत. विक्रेता गोंधळला. बाईंनी भाषांतर केलं, तो थोडा वेळ विचारात पडला आणि म्हणाला, बादलीच घेतली तर लिटरमागे स्वस्त पडेल. बादली दहा लिटरची होती.

“ठेचायची, बास,” बाई सांगत होत्या. “शिजवायची नाही.”

“शिजवत नाहीच,” ताई म्हणाली. “मोहरी फेसून घालायची, मेथी तळून, हिंग, तिखट. मीठ जरा चढं.”

बादलीची एक बाजू मी धरली होती. भाचीच्या फ्रीजमध्ये ही कुठं मावणार ह्याचा हिशेब चालू होता. बाईंनी खांद्यावरच्या पिशवीतून वही काढली, चष्मा लावला, आणि मेथी दहा लिटरला किती, ते विचारलं.